अरुंधती कुणाच्या मागे चालते?

लग्नाच्या हॉलमध्ये सप्तपदी आटोपलेली असते. फोटोग्राफर घाई करत असतो, खाली पहिल्या पंगतीत वाढायला सुरुवात झालेली असते, आणि गुरुजी नवरा-नवरीला म्हणतात, ''आता वर बघा. हा ध्रुव, ही अरुंधती.'' वर असतो पंखा आणि थर्माकोलचं छत! नवरी बिचारी बघते, मान डोलावते. विचारलं, ''दिसली का?'' तर म्हणायचं, ''हो, दिसली.'' संसारातलं पहिलं खोटं बहुधा इथेच बोललं जातं, आणि तेही अगदी विधिपूर्वक!

मैत्रिणींनो, तुमच्यापैकी किती जणींनी अरुंधती खरोखर पाहिली आहे? आमच्या महिला मंडळात मी हा प्रश्न विचारला, तेव्हा पंचवीस जणींपैकी दोघींचे हात वर आले. त्यातल्या एकीला ती शाळेच्या सहलीत सरांनी दाखवली होती. दुसरी मढच्या कोळीवाड्यातली सत्तरीची आजी. तिच्या लग्नात अरुंधती कुणी दाखवली नव्हती. पूर्वी आगरी-कोळी समाजात लग्नाचे विधी धवलारीण म्हणजे धवले गाणारी बाई चालवत असे. (लग्न लावणारी बाई! आपण कशाला पुढारलेपणाच्या गप्पा मारतो?) ''मंग आजी, तुम्हाला कशी ठाऊक?'' तर म्हणाली, ''आमचे मालक रात्रीचे होडीवर असायचे. मी वाळूत बसून वर बघायची. वरचं सगलं तोंडपाठ झालं माझं.''

मढ म्हटलं की आपल्याला आठवतात शूटिंगचे बंगले, दाना-पाणीचा किनारा आणि मालाड स्टेशनहून गच्च भरून येणारी २७१ नंबरची बस. पण डोल जाळीची मासेमारी अजून टिकून असलेलं, वलांडीवर बोंबील वाळत घालणारं हे मुंबईतलंच गाव आहे. रात्री शूटिंगचे दिवे नसतील तर इथून उत्तरेला, मार्वे-गोराईच्या बाजूला, आकाश शहराच्या मानानं बरंच काळं दिसतं. मुंबईत राहून चांदणी बघायची तर अशा जागा शोधाव्या लागतात. तिथे बसूनच आम्ही सगळ्या जणी एका रात्री अरुंधतीच्या मागे लागलो. त्यानंतर मी वाचत गेले आणि मला दोन अरुंधती भेटल्या. एक गोष्टीतली, एक आकाशातली. दोघींबद्दल आपल्याला फारच थोडं सांगितलं गेलं आहे, असं माझं मत झालंय.

मोठी दाखवून छोटी

आधी ती शोधायची कशी ते बघू. उत्तरेकडे तोंड करून उभं राहायचं. सप्तर्षी म्हणजे चार ताऱ्यांचा एक चौकोन आणि त्याला तीन ताऱ्यांची वाकडी शेपटी, पतंगासारखा आकार. शेपटीतला मधला तारा वसिष्ठ. त्याच्या अगदी लगत एक फिकी, पांढुरकी ठिणगी दिसते, तीच अरुंधती. दोघांमधलं अंतर पौर्णिमेच्या चंद्राच्या रुंदीच्या साधारण तिसऱ्या हिश्शाएवढं. डोळे चांगले असतील, चंद्र नसेल आणि शेजारच्या बिल्डिंगचा हॅलोजन डोळ्यांवर येत नसेल, तर नुसत्या डोळ्यांनी ती दिसते.

जुन्या लोकांनी तिला शोधण्याची रीत सांगून ठेवली आहे. एकदम बारीक तारा दाखवला तर माणूस गोंधळतो. म्हणून आधी शेजारचा ठळक तारा दाखवायचा, मग 'ती नव्हे, तिच्या बाजूची' असं म्हणायचं. या रीतीवरून शास्त्र-वेदांतात 'अरुंधती-न्याय' नावाचा दाखलाच तयार झाला. सोप्याकडून अवघडाकडे, ढोबळाकडून सूक्ष्माकडे. बालवाडीतल्या बाई आजही हेच करतात. आणि एक भीतीही घालून ठेवली होती: ज्याला अरुंधती दिसत नाही, त्याचा काळ जवळ आला! अरबी मुलखातही हा तारा नजर तपासायला वापरत. थोडक्यात, फुकटचा डोळ्यांचा डॉक्टर. आमच्यातल्या एकीला ती दिसेना, तेव्हा तिचा चेहरा पडला. ''ताई, आता माझं काही खरं नाही,'' म्हणाली. मी म्हटलं, ''यमाकडे नंतर जा, आधी चष्म्याचा नंबर काढून घे.'' नंबर निघालाच!

सगळ्यांनाच या ताऱ्यांत ऋषी दिसतात असंही नाही. टाटा मूलभूत संशोधन संस्थेचे मयंक वाहिया आणि गणेश हलकारे यांनी विदर्भातल्या गोंड वस्त्यांमध्ये फिरून तिथल्या लोकांची आकाशाची माहिती नोंदवली, ती २०१३ मध्ये प्रसिद्ध झाली. तिथे तो चौकोन म्हणजे म्हातारीची खाट, आणि मागचे तीन तारे म्हणजे खाटेच्या मागे लागलेले चोर! मला ही म्हातारी फार आवडली. ऋषींची फौज नाही, पातिव्रत्य नाही. आपली खाट सांभाळणारी एकटी बाई.

सात जणींतल्या सहा

आता गोष्टीतली अरुंधती. लग्नात तिला का दाखवतात? तर ती पतिव्रतांचा आदर्श. पण आदर्श ठरली ती कुणाच्या तुलनेत, हे कोणी सांगत नाही. महाभारताच्या वनपर्वात ती कथा आहे. अग्नीचं मन सप्तर्षींच्या बायकांवर गेलं. त्याच्यावर प्रेम करणाऱ्या स्वाहेला हे कळलं. मग तिनंच एकेका ऋषिपत्नीचं रूप घेतलं आणि ती अग्नीला भेटली. सहा जणींची रूपं तिला घेता आली, अरुंधतीचं मात्र घेता आलं नाही. तिच्या तपाचं तेज तसं होतं. पुढे स्कंदाचा, म्हणजे कार्तिकेयाचा जन्म झाला आणि बोभाटा सुरू झाला की हे मूल त्या सहा जणींचं. ऋषींनी काय केलं? सहाही बायकांना घराबाहेर काढलं.

लक्षात घ्या, त्या सहा जणींनी काही म्हणजे काहीच केलेलं नव्हतं. त्या त्यांच्या त्यांच्या आश्रमात होत्या. कुणी तरी त्यांच्या रूपात वावरलं, कुणी तरी ते बोललं, आणि मोठमोठ्या ज्ञानी नवऱ्यांनी ते ऐकलं. शेवटी त्या बाया गेल्या त्या लेकराकडे. त्यानं त्यांना आई मानलं आणि आकाशात जागा मिळाली. त्याच कृत्तिका. आणि त्यांच्यावरून त्याचं नाव कार्तिकेय. नवऱ्यांनी टाकलेल्या बायकांचं नाव देवांच्या सेनापतीला लागलं! बापाच्या नावावर अडून बसणाऱ्या शाळा-कचेऱ्यांनी ही गोष्ट जरूर वाचावी.

या ताटातुटीची खूण आकाशातही आहे. शतपथ ब्राह्मणात म्हटलंय की कृत्तिका पूर्वी ऋषींच्या बायका होत्या, पण आता त्यांची भेट होत नाही. कारण ऋषी उगवतात उत्तरेला आणि या पूर्वेला. दापोलीजवळच्या मुरुडमध्ये १८५३ साली जन्मलेले आपले शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनी याच 'पूर्वेला उगवतात' या शब्दांवरून गणित मांडलं. पृथ्वीचा आस भोवऱ्यासारखा हळूहळू डुलतो, त्यामुळे ताऱ्यांच्या उगवण्याच्या जागा हजारो वर्षांत सरकतात. आज कृत्तिका नेमक्या पूर्वेला उगवत नाहीत, बऱ्याच उत्तरेकडे सरकून उगवतात. त्या ठीक पूर्वेला कधी उगवत होत्या, तर सुमारे पाच हजार वर्षांपूर्वी, असं त्यांनी काढलं. १८९६ सालच्या त्यांच्या 'भारतीय ज्योतिःशास्त्रा'च्या इतिहासात हे सगळं आहे. त्यांच्या निष्कर्षावर विद्वानांचे वाद झाले, ते होऊ देत. पण टाकलेल्या बायकांच्या एका वाक्यावरून काळ मोजता येतो, ही कल्पनाच किती विलक्षण!

अजून एक खोच आहे. आकाशात वसिष्ठ आधी उगवतो आणि अरुंधती किंचित मागून. म्हणजे नवऱ्याच्या मागून चालणारी. महाभारत युद्धापूर्वी व्यास धृतराष्ट्राला अपशकुन सांगतात, त्या यादीत एक अपशकुन असा आहे की अरुंधतीनं वसिष्ठाला मागे टाकलंय! बायको दोन पावलं पुढे गेली की युद्ध होणार, जग बुडणार. आजही कितीतरी घरांत बायकोचा पगार नवऱ्याच्या पगाराच्या पुढे गेला की हेच वातावरण असतं.

आकाशातली अरुंधती

आता विज्ञान काय म्हणतं ते ऐका. वसिष्ठाला पाश्चात्त्य नाव मिझार, अरुंधतीला अल्कोर. दोघं आपल्यापासून सुमारे ८२ प्रकाशवर्षं दूर आहेत. म्हणजे आज रात्री जो उजेड तुमच्या डोळ्यांत शिरेल तो तिथून निघाला १९४०च्या दशकाच्या सुरुवातीला, 'चले जाव'च्या सुमारास. आपल्या आज्या तेव्हा परकरात होत्या.

आपण तिला 'फिकी' म्हणतो. पण ती सूर्याच्या सुमारे १४ पट तेजस्वी आहे! वजनानं सूर्याच्या पावणेदोन पटीच्या आसपास. सूर्याचा पृष्ठभाग ५,८०० अंशांच्या घरातला आणि पिवळसर, हिचा ८,००० अंशांच्या घरातला. म्हणूनच ती पांढरीशुभ्र. मग ती फिकी का दिसते? एक तर लांब आहे, आणि दुसरं म्हणजे शेजारी वसिष्ठ आहे, जो तिच्यापेक्षा सुमारे सहा पट उजळ दिसतो. पण गंमत अशी की वसिष्ठ एकटा नाहीच!

१६१७ साली गॅलिलिओनं मित्र कास्तेली याच्या सांगण्यावरून दुर्बीण वसिष्ठाकडे वळवली आणि एका ठिपक्याचे दोन ठिपके दिसले. पुढे त्या दोघांपैकी प्रत्येक तारा पुन्हा जोडतारा निघाला. म्हणजे वसिष्ठ हे चौघांचं एकत्र कुटुंब आहे. चौघांचा उजेड एकाच्या नावावर जमा होतो आणि शेजारची एकटी बाई फिकी ठरते. हा हिशेब आपल्याला घरोघरी पाहून ओळखीचा आहे, नाही का?

या शोधात एका बाईचा वाटा आहे. अमेरिकेत हार्वर्ड वेधशाळेत १८८०च्या दशकापासून बऱ्याच स्त्रिया कामाला होत्या. काचेच्या फोटोप्लेटवर उमटलेले ताऱ्यांचे वर्णपट भिंगाखाली तपासायचे, मोजायचे, लिहायचे. रोजगार तासाला २५ सेंटच्या आसपास. त्यांना 'कॉम्प्युटर' म्हणत, म्हणजे आकडेमोड करणाऱ्या! त्यातलीच एक अँटोनिया मॉरी. वसिष्ठाच्या वर्णपटातली रेघ कधी एकेरी, तर कधी दुहेरी दिसते, हे कोडं होतं. मालाड स्टेशनावर उभ्या असताना जलद लोकल भोंगा वाजवत जाते ना, तेव्हा येताना आवाज चढा आणि जाताना उतरता लागतो. प्रकाशाचंही तसंच. जवळ येणाऱ्या ताऱ्याची रेघ एका बाजूला सरकते, दूर जाणाऱ्याची दुसऱ्या बाजूला. रेघ दुहेरी होते याचा अर्थ तिथे दोन तारे एकमेकांभोवती फिरताहेत, जरी कुठल्याही दुर्बिणीतून तेव्हा ते वेगळे दिसत नव्हते. १८८९ साली वेधशाळेचे प्रमुख एडवर्ड पिकरिंग यांनी ही गोष्ट जाहीर केली. वर्णपटावरून ओळखलेला हा पहिला जोडतारा. मॉरी या वर्णपटांवर काम करत होती आणि अशाच प्रकारचा दुसरा जोडतारा तिनंच शोधला. आपल्या कामावर आपलं नाव हवं, यासाठी ती अडून बसली. १८९७ साली तिची तारकांची यादी तिच्या नावासकट छापली गेली. तिनं वर्णपटात केलेली बारीक फोड पुढे हर्ट्झस्प्रुंग या शास्त्रज्ञाला राक्षसी तारे आणि साधे तारे वेगळे करायला उपयोगी पडली.

आणि आपली अरुंधती? तिचं गुपित आत्ता आत्ता कळलं. २००९ साली अमेरिकेतल्या दोन वेगवेगळ्या गटांनी तिच्या अगदी कुशीत एक छोटा, मंद, लाल तारा पाहिला. वजन सूर्याच्या चौथ्या हिश्शाएवढं. तिच्या झगझगाटात तो आजवर लपून राहिला होता. म्हणजे वसिष्ठाकडे चार आणि अरुंधतीकडे दोन, असे हे सहा जण. हे दोन्ही गट बहुधा गुरुत्वाकर्षणानं एकमेकांशी बांधलेले आहेत. मधे सुमारे एक प्रकाशवर्ष अंतर आणि एका फेरीला लाखो वर्षं. सांगायचा मुद्दा असा की तिथे कोणी कोणाच्या मागे चालत नाही. दोघं एका सामायिक मध्याभोवती फिरतात. उगवताना ती मागून येते, हे आपल्या उभ्या राहण्याच्या जागेमुळे.

एका गावच्या होड्या

आता सगळ्यात सुंदर भाग. १८६९ साली रिचर्ड प्रॉक्टर नावाच्या इंग्रज अभ्यासकानं ताऱ्यांच्या सरकण्याचा नकाशा काढला. तारे आपल्याला स्थिर वाटतात, पण ते अगदी हळू सरकत असतात. त्याच्या लक्षात आलं की सप्तर्षींतले मधले पाच तारे एकाच दिशेनं, एकाच वेगानं चाललेत. पुलह, पुलस्त्य, अत्री, अंगिरा आणि वसिष्ठ. अरुंधतीही त्यांच्याच बरोबर. टोकाचे दोघे, क्रतू आणि मरीची, मात्र भलतीकडेच निघालेत. ते या घरचे नाहीतच! दोघंही आणखी लांबचे आहेत, केवळ आपल्या नजरेच्या रेषेत आले म्हणून सप्तर्षींत गणले गेले.

मढच्या जेटीवर संध्याकाळी उभं राहिलं की हे चटकन कळतं. भरतीच्या वेळी एकाच खाडीतून सुटलेल्या होड्या एका दिशेनं, एका चालीनं जात असतात. लांबवर त्यांच्या रांगेतच वर्सोव्याची एखादी होडी दिसते. आपल्याला वाटतं सगळ्या एकत्र आहेत. थोडा वेळ थांबलं की कळतं, तिचा रस्ता निराळा आहे. ताऱ्यांच्या बाबतीत हा 'थोडा वेळ' म्हणजे हजारो वर्षं, एवढाच फरक. लाखभर वर्षांनी सप्तर्षींचा हा पतंग ओळखूही येणार नाही.

एकत्र चालणारे हे तारे म्हणजे एकाच ढगातून जन्मलेली भावंडं. हा आपल्याला सर्वांत जवळचा तारकासमूह. त्याचं वय सुमारे ४० कोटी वर्षं मानलं जातं. सूर्याचं वय ४६० कोटी वर्षं. त्या मानानं ही पोरंसोरंच! ज्यांना आपण पांढऱ्या दाढीचे ऋषी समजत होतो ते निघाले तरुण, आणि वसिष्ठ-अरुंधती नवरा-बायको असण्याआधी निघाले एका आईची लेकरं. कृत्तिका तर त्याहून लहान. वय सुमारे १० ते १२ कोटी वर्षं. नुसत्या डोळ्यांना सहा-सात दिसतात, पण तिथे हजाराहून जास्त तारे आहेत. अंतर सुमारे ४४० प्रकाशवर्षं. तिथून आज पोचणारा उजेड निघाला तेव्हा शिवाजी महाराजांचा जन्म व्हायचा होता.

आजीला हे सांगितलं तेव्हा ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, ''म्हणजे त्या घालवून दिलेल्या बायकांच्या मागे येवढं मोठं माहेर हाय? मंग कशाला रडायचं?''

कुठली अरुंधती दाखवायची?

बी.ए.ला मला संस्कृत होतं. परीक्षेपुरतं वाचलेलं भवभूतीचं 'उत्तररामचरित' मी या निमित्तानं पुन्हा काढलं. भवभूती आठव्या शतकातला, आणि आपला विदर्भातल्या पद्मपूरचा. आज गोंदिया जिल्ह्यात आमगावजवळ ते गाव दाखवतात. त्याच्या नाटकात अरुंधती हे मोठं महत्त्वाचं पात्र आहे. लोक काय म्हणतील म्हणून रामानं गरोदर सीतेला वनात सोडलंय. त्या वेळी वसिष्ठ, अरुंधती आणि रामाच्या आया एका यज्ञासाठी बाहेरगावी आहेत. यज्ञ संपतो, परतायची वेळ येते. आणि अरुंधती सांगते, जिथे सून नाही त्या अयोध्येत मी पाऊल ठेवणार नाही. रामाच्या आया तिला दुजोरा देतात. सगळे जण मग वाल्मीकींच्या आश्रमाकडे वळतात. नाटकाच्या शेवटी सीतेचा हात धरून, जमलेल्या प्रजेला तिच्या शुद्धतेबद्दल सुनावते तीही अरुंधतीच.

वाचताना मी थांबलेच. लग्नात जिला 'नवऱ्याच्या मागून चालणारी' म्हणून दाखवतात, ती भवभूतीनं टाकलेल्या सुनेच्या बाजूनं उभी केली आहे. कालिदासाच्या 'कुमारसंभवा'तही सप्तर्षी शंकराकडे येतात, तेव्हा शंकर अरुंधतीला आणि ऋषींना सारख्याच आदरानं वागवतो. बाई-पुरुष हा भेद तिथे मोजला जात नाही. पार्वतीच्या लग्नाची बोलणी करायला तीही बरोबर जाते. वनपर्वातल्या सहा जणींसाठी मात्र कुणी बोललं नाही.

समाजकार्याच्या निमित्तानं मला या 'कृत्तिका' सतत भेटतात. नावं सांगत नाही. एकीच्या मोबाइलवर कुणा अनोळखी माणसाचा फोन आला, तेवढ्यावर तिला रात्री अकरा वाजता दोन मुलींसह जिन्यात उभं केलं होतं. दुसरीचा नवरा म्हणाला, ''शेजारी बोलतात ते काय उगाच?'' तिसरीचा फोटो कुणी तरी दुसऱ्याच फोटोला चिकटवून फिरवला. स्वाहेनं रूप घेतलं होतं, आता मोबाइल घेतो. ज्यांनी काही केलेलं नाही त्यांनीच घर सोडायचं, हा नियम तेवढा जुनाच. महाराष्ट्रात १९८०च्या दशकात संगमनेरमध्ये निशा शिवूरकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी परित्यक्ता स्त्रियांची चळवळ उभी केली, तेव्हा 'टाकलेली' या शब्दामागे किती घरं आहेत ते प्रथम चव्हाट्यावर आलं.

पण त्या सहा जणींपाशी जे नव्हतं ते आज आपल्यापाशी आहे. कौटुंबिक हिंसाचारापासून संरक्षण देणारा २००५ चा कायदा २६ ऑक्टोबर २००६ पासून लागू आहे. घर नवऱ्याच्या नावावर असो वा नसो, जिथे ती संसार करत होती त्या घरात राहण्याचा हक्क तो बाईला देतो. घर सासू-सासऱ्यांच्या नावावर असलं तरी ते 'सामायिक घर' ठरू शकतं, हे सर्वोच्च न्यायालयानं २०२० साली स्पष्ट केलं आहे. प्रत्येक जिल्ह्यात संरक्षण अधिकारी असतो, त्याच्याकडे अर्ज करता येतो. मोफत वकील मिळू शकतो. आणि रात्री-अपरात्री १८१ हा महिला हेल्पलाइनचा नंबर आहे. हा नंबर मंगळसूत्राइतकाच प्रत्येकीपाशी असावा. कायदा असून सगळं सुरळीत होतं असं नाही. तारखा पडतात, चपला झिजतात. पण 'बाहेर हो' म्हटल्यावर मुकाट्यानं जिना उतरायचा नसतो, एवढं तरी लेकीला ठाऊक हवं.

शेवटी, आकाश बघायचं कधी? मार्च महिन्यात रात्री नऊच्या सुमारास मढच्या वाळूवर उभ्या राहिलात तर पश्चिमेला समुद्रावर कृत्तिकांचा घोस दिसेल, आणि मागे वळून ईशान्येला पाहिलंत तर सप्तर्षी नुकतेच वर येत असतील. एका नजरेत येत नाहीत, पण एका रात्रीत दोन्ही दिसतात. मेच्या अखेरीस, होड्या ताडपत्री घालून किनाऱ्याला लावायची तयारी चाललेली असते तेव्हा, रात्री नऊ-साडेनऊला अरुंधती उत्तरेला चांगली उंच असते. लग्न डिसेंबरातलं असेल तर मात्र नवरीला मध्यरात्र उलटेपर्यंत जागावं लागेल, त्याआधी वसिष्ठ-अरुंधती नीट दिसत नाहीत. दुर्बिणीतून बघायचं असेल तर वांगणीला रात्रभर आकाशदर्शनाचे कार्यक्रम घेणारं खगोल मंडळ आहे. बायकांनी, मुलींनी गट करून जावं. घरच्यांना जेवण वाढून ठेवलंय, आपलं आपण घ्या, असं सांगून जावं.

घरात लग्न असेल तर गुरुजींना विनंती करा, की छताकडे बोट नको. रात्री नवरा-नवरी दोघांना गच्चीवर न्या, आणि अरुंधती दाखवा ती अशी: ही सूर्याहून चौदा पट तेजस्वी आहे. ही कुणाच्या मागे चालत नाही, दोघं बरोबरीनं फिरतात. हिच्या मागे भावंडांचा मोठा गोतावळा आहे. आणि शक्य झालं तर, त्या दिवसांत त्या आकाशात असतील तर, कृत्तिकाही दाखवा. नवरीला नव्हे, नवऱ्याला आधी. सांगा त्याला, यांनी काही केलं नव्हतं रे बाबा. ऐकीव गोष्टीवर घर मोडायचं नसतं.